अडीच फुटांची नळी आणि चुकण्याचा पगार

गेल्या रविवारी हार्डवेअरच्या दुकानातून दोन इंची पीव्हीसी पाइप आणला, मोजून तीस इंच कापून घेतला आणि घरी येऊन त्याच्या एका तोंडावर चप्पल आपटत बसले. शेजारी फोनवर ट्यूनरचं अ‍ॅप चालू. आई आतून म्हणाली, "अगं पेटी आहे ना घरात, तिला काय झालंय?" मग पेटी पुढ्यात घेऊन ताडून बघितलं तर पाइप बोलत होता पांढरी सहाच्या आसपास, कधी किंचित खाली.

या उद्योगाचं मूळ आहे १६६८ सालचं एक पुस्तक. थॉमस टॉमकिन्स नावाचा इंग्लिश संगीतकार वारल्यावर त्याच्या चर्चमधल्या रचना छापल्या गेल्या, त्यातल्या ऑर्गनवाल्याच्या पुस्तकात लॅटिनमध्ये एक बारकी टीप आहे की फा म्हणजे अडीच फूट, म्हणजेच तीस इंच लांबीच्या उघड्या नळीचा सूर. बास, एवढंच. एकोणिसाव्या शतकात औस्ली नावाच्या गृहस्थांनी तिच्याकडे लक्ष वेधलं. आता ऑर्गनच्या ढोबळ हिशोबाने त्या फा ला, म्हणजे आपल्या पेटीवरच्या पांढरी चारला, तीन फुटांची नळी लागते. तीन भागिले अडीच म्हणजे सहास पाच. आणि सहास पाच म्हणजे कोमल गंधार, हे शाळेत पेटी शिकलेल्या कुणालाही माहीत असतं, निदान असायला हवं. म्हणजे कागदावर पांढरी चार लिहिलेली असताना त्या काळचा क्वायर (चर्चमध्ये एकत्र गाणाऱ्यांचा ताफा) प्रत्यक्षात काळी चार गात होता, सगळं गाणं तीन पट्ट्या वर!

मग माझा पाइप पांढरी सहा का बोलला? कारण ऑर्गनच्या नळीला शिट्टीसारखं तोंड असतं, त्या तोंडामुळे सूर उतरतो, किती उतरतो ते नळीच्या जाडीवर अवलंबून, आणि जाडी काही त्या टिपेत लिहिलेली नाही. झालं, इथून भांडण सुरू.

हे भांडण ज्यांच्या आयुष्याला चिकटलं ते डेव्हिड वुल्स्टन (१९३७-२०१७). आपल्याकडे हे नाव फारसं कुणाला माहीत असायचं कारण नाही. ऑक्सफर्डच्या मॉडलिन कॉलेजात असताना १९६१ साली त्यांनी 'क्लर्क्स ऑफ ऑक्सनफर्ड' नावाचा एक छोटा क्वायर काढला, सोळाव्या शतकातलं इंग्लिश चर्चसंगीत गायचं म्हणून. स्वतः हाडाचे संशोधक, तेही कुठल्या एका कोपऱ्यातले नाहीत, १९६८ साली बॅबिलोनच्या हार्पची जुळणी कशी असेल यावर त्यांनी पेपर लिहिलाय, पुढे स्पेनमधल्या मध्ययुगीन गीतांवर काम केलंय. कॉर्कला प्रोफेसर, मग वेल्समध्ये अ‍ॅबरिस्टविथला प्रोफेसर. पण त्यांचं खरं काम, माझ्या मते, ना त्यांच्या पदांत सापडतं ना नुसत्या पुस्तकांत, ते सापडतं त्या क्वायरमध्ये. आणि माझा मुद्दा असा की ज्या विद्यापीठाला हे असं काम मोजता येत नाही त्याचं मोजमाप चुकलेलं आहे, मग ते इंग्लंडमधलं असो की आपलं.

थोडं कामाबद्दल सांगते, कारण ते कळल्याशिवाय वाद कळायचा नाही. सोळाव्या शतकात या गाण्याचा एकत्र स्कोअर नसायचा. प्रत्येक आवाजाची वेगळी वही. समजा भजनी मंडळात सहा जणांना सहा चिठ्ठ्या दिल्या, प्रत्येकीवर फक्त त्याची ओळ, दुसरा काय गातोय ते कुणालाच दिसत नाही, तसं. आता जॉन शेपर्ड नावाच्या संगीतकाराच्या बऱ्याच रचना ज्या वह्यांमध्ये टिकल्या त्या ऑक्सफर्डच्याच क्राइस्ट चर्च कॉलेजात आहेत, सहा वह्यांचा संच, आणि त्यातली टेनरची, म्हणजे पुरुषांतल्या वरच्या आवाजाची, वही हरवलेली. पाच आवाज आहेत, सहावा नाही. संशोधकाने काय करायचं? काही ठिकाणी टेनर चर्चची जुनी ठरलेली धून गात असायचा, ती दुसऱ्या पुस्तकांतून आणून बसवता येते. जिथे तसं नाही तिथे बसून नवीन ओळ रचायची, शेपर्डच्या तोंडची वाटेल अशी. हे नुसतं लायब्ररीत बसून होत नाही हो. कागदावर नियमात बसणारी ओळ गायकाच्या घशात बसत नाही, श्वास घ्यायला जागाच उरत नाही, किंवा शेजारच्या आवाजाला नको तिथे धडकते, आणि हे कळायला समोर माणसं उभी करून गाऊनच घ्यावं लागतं. केमिस्ट्रीवाल्याला आपण लॅब देतो, आणि तिथे मागच्या शंभर प्रयोगांत काय फसलं ते लिहून ठेव म्हणून पगारही देतो. क्वायर ही या लोकांची लॅब आहे, एवढी साधी गोष्ट.

गंमत म्हणजे हा शेपर्ड १५४० च्या दशकात मॉडलिनमध्येच क्वायरच्या पोरांचा मास्तर होता. कॉलेजच्या १४८० च्या घटनेतच लिहून ठेवलंय की चार चॅप्लेन (पाद्री), आठ क्लर्क (म्हणजे मोठे गायक) आणि सोळा मुलं गायला ठेवायची. म्हणजे त्या संस्थेने पाचशे वर्षांपूर्वी गाणाऱ्यांचं पोट संस्थेच्या खर्चात धरलं होतं, आणि शेपर्डनंतर चारशे वर्षांनी त्याच भिंतींत एकाने त्याच मास्तरची हरवलेली गाणी परत उभी केली. जागा टिकली म्हणून परंपरा टिकली, नुसतं 'प्रेम' असून काही टिकत नाही, हे आपल्याकडच्या लोकांनी जरा जास्त लक्षात घ्यायला हवं, आपण सगळं प्रेमावर आणि गुरुकृपेवर ढकलतो.

आता पट्टीचं. वुल्स्टननी त्या कोमल गंधाराचा सिद्धांत धरला आणि शेवटपर्यंत नेला. तीन पट्ट्या वर म्हणजे सगळ्यात वरचा आवाज, ट्रेबल, आभाळाला टेकतो. ज्यांना हा निव्वळ पंडिती वाद वाटतो त्यांनी एखाद्या भजनी मंडळात पेटीवाल्याने चुकून वरची पट्टी धरली की काय होतं ते आठवावं. पहिलं कडवं सगळे ओढतात, दुसऱ्याला पुरुष एक सप्तक खाली उतरतात, तिसऱ्याला बुवा पेटीवाल्याकडे बघतात. पट्टी ठरवते की गाणार कोण आणि गप्प बसणार कोण. वुल्स्टनचं म्हणणं असं की त्या काळच्या मुलांचे आवाज आजच्यापेक्षा उशिरा फुटायचे, त्यामुळे अनुभवी, दमदार ट्रेबल मिळायचे, आजची लहान पोरं तेवढा वेळ तेवढ्या उंचीवर टिकणार नाहीत. मग त्यांनी काय केलं, तर तरुण मुली घेतल्या, आणि त्यांच्याकडून सरळ, न थरथरणारा, काचेसारखा स्वर काढून घेतला.

आणि तो आवाज लोकांना जाम आवडला. पीटर फिलिप्स नावाच्या ऑक्सफर्डच्याच विद्यार्थ्याने १९७३ साली टॅलिस स्कॉलर्स हा क्वायर काढला तो हा आवाज कानात ठेवून. सॅली डंकली क्लर्क्समध्ये गायल्या, मग टॅलिस स्कॉलर्समध्ये, मग हॅरी क्रिस्टोफर्सच्या द सिक्स्टीन या क्वायरमध्ये, आणि स्वतः जुन्या वह्यांचं संपादनही करत राहिल्या. क्रिस्टोफर्स पण मॉडलिनचेच. १९८७ साली टॅलिस स्कॉलर्सने गायलेल्या जोस्कँ या जुन्या संगीतकाराच्या रचनांच्या रेकॉर्डला ग्रामोफोन मासिकाचं वर्षातल्या सर्वोत्तम रेकॉर्डचं अ‍ॅवॉर्ड मिळालं, जुन्या संगीताला ते पहिल्यांदाच मिळत होतं. आज जगात कुठेही कुणी 'रेनेसाँस क्वायर' म्हटलं की कानात जो स्वच्छ, उंच, गारेगार आवाज येतो तो बऱ्याच अंशी ऑक्सफर्डच्या त्या एका खोलीत, एका लॅटिन टिपेवर विश्वास ठेवून तयार झालाय.

आणि ती टीप बहुधा जास्त ताणली गेली होती.

रॉजर बॉवर्ससारख्या इतिहासकारांनी क्वायरच्या जुन्या नोंदी आणि प्रत्येक आवाजाचा आवाका तपासून उंच पट्टीवर शंका घेतली. अँड्र्यू पॅरट यांनी तर स्वतःचा टॅव्हर्नर क्वायर घेऊन तेच संगीत खालच्या पट्टीत गाऊनच दाखवलं. मग जुन्या ऑर्गनांचे अवशेष बोलायला लागले. सफोकमधल्या वेदरिंगसेट गावात एका शेतघरात १९७७ साली एक जाड फळी सापडली, भोकं-भोकं पाडलेली, दार म्हणून वापरात होती ती! ती निघाली ट्युडर काळातल्या, म्हणजे साधारण सोळाव्या शतकातल्या, ऑर्गनची, ज्या फळीवर नळ्या उभ्या राहतात ती. भोकांच्या मापावरून नळ्यांची जाडी कळते, म्हणजे त्या टिपेत जे लिहायचं राहिलं होतं नेमकं तेच. या शतकाच्या सुरुवातीला त्यावरून अख्खा ऑर्गन परत बांधला. एकूण अशा पुराव्यांवरून आज बरेच जण म्हणतात की पट्टी वर होती खरी, पण तीन नाही, दीडच्या आसपास.

इथे दोन प्रकारचे लोक दोन निष्कर्ष काढतात, आणि मला दोन्ही पटत नाहीत. एक म्हणतात, बघा, वीस-तीस वर्षं एका माणसाने चुकीच्या पट्टीत गाऊन घेतलं, विद्यापीठाच्या छत्राखाली, कशाला पोसायचं असल्यांना. दुसरे म्हणतात, चुकीचं का असेना, किती सुंदर झालं, कलेत बरोबर-चूक कुठे असतं. या दुसऱ्यांचा मला जास्त राग येतो. बरोबर-चूक नसतंच तर मग संशोधक कशाला हवा, कुणीही छान गाणारा चालेल. वुल्स्टननी 'मला असं आवडतं' म्हणून ती पट्टी धरलेली नव्हती, 'हे असं होतं' म्हणून धरली होती, आणि म्हणूनच तिला खोडता आलं. आवडीला कोण खोडणार?

पहिल्यांना उत्तर असं की, हा सिद्धांत नुसता जर्नलमध्ये राहिला असता तर दहा जणांनी वाचला असता, दोघांनी तळटीप दिली असती आणि विषय संपला असता. तो गायला गेला म्हणून बॉवर्सना, पॅरटना, ऑर्गन बांधणाऱ्यांना त्याच्याशी दोन हात करावे लागले. तीन पट्ट्या वर नेल्यावर ट्रेबलला काय होतं, मधल्या आवाजांना काय होतं, शब्द ऐकू येतात की नाही, एक तासाचा कार्यक्रम गायक ओढू शकतात की नाही, ही सगळी माहिती आज आपल्याकडे आहे ती कुणीतरी पैज लावून गायलं म्हणून. मोठ्याने चुकणं हे या धंद्यातलं सगळ्यात उपयोगी काम आहे आणि त्याचा पगार विद्यापीठानेच दिला पाहिजे, कारण बाजार तो कधीच देणार नाही.

बाजाराचं का म्हणते ते बघा. टॅलिस स्कॉलर्स उत्तम संस्था आहे, स्वतःची रेकॉर्ड कंपनी, दोन हजारांवर कार्यक्रम, मला स्वतःला बेहद्द आवडतात. पण एकदा एक आवाज विकला जायला लागला की तो बदलायला कोण धजावेल? लोक तिकीट काढतात ते तोच गारेगार आवाज ऐकायला. उद्या फिलिप्सनी जाहीर केलं की पट्टी दीडच होती, ट्रेबल आता जरा जाडसर ऐकू येतील, तर अर्धे चाहते रुसतील. रिचर्ड टारुस्किन या अमेरिकन अभ्यासकाने (तेही आधी क्वायर चालवायचे, हे महत्त्वाचं) १९८० च्या दशकात सगळ्यांना झोडपलं होतं की तुम्ही ज्याला अस्सल जुनं म्हणताय ती तुमची विसाव्या शतकातली आवड आहे, स्वच्छ, वेगवान, कोरडी. मला ते बरंचसं पटतं. पण त्यावरचा उपाय म्हणून संशोधकांनी गाणं सोडायला नको, उलट आणखी चार वेगवेगळ्या कानांच्या संशोधकांच्या हातात चार क्वायर हवेत, म्हणजे कुठलीच एक आवड देव होऊन बसणार नाही.

आणि ब्रिटनमध्ये नेमकं उलटं चाललंय. मार्च २०२३ मध्ये बीबीसीने जाहीर केलं की १९२४ पासून चालत आलेला आपला बीबीसी सिंगर्स हा क्वायर बंद करणार, शंभरी भरायला एक वर्ष असताना. दीड लाखाच्या घरात सह्या जमल्या, मोठ्ठा गोंधळ, मग तो निर्णय मागे पडला. त्याच वर्षी ऑक्सफर्ड ब्रुक्स युनिव्हर्सिटीने संगीताचा अभ्यासक्रमच बंद करत असल्याचं सांगितलं. जानेवारी २०२५ मध्ये कार्डिफने संगीत विभाग बंद करायचा प्रस्ताव आणला. म्हणजे श्रीमंत जुनी कॉलेजं आपापल्या चॅपलमध्ये गात राहणार आणि बाकीच्यांनी यूट्यूबवर ऐकायचं. कारण दरवेळी एकच सांगतात, आकडे बसत नाहीत. खरं आहे, वीस माणसं आठवड्यातून तीनदा एकत्र येऊन चुका करतात हे कुठल्याच एक्सेलमध्ये बसायचं नाही.

तरी त्यांच्याकडे एक गोष्ट बरी आहे. तिथे विद्यापीठांच्या संशोधनाची जी सरकारी तपासणी होते तिच्यात सादरीकरण, रेकॉर्डिंग हे सुद्धा संशोधन म्हणून दाखवता येतं, सोबत प्रश्न काय होता आणि काय सापडलं ते लिहून द्यावं लागतं. आपल्याकडे यूजीसीच्या २०१८ च्या नियमांत संगीतासाठी दोन दारं आहेत. एक नेट-पीएचडीवाल्याचं, दुसरं आकाशवाणी-दूरदर्शनच्या वरच्या ग्रेडच्या कलाकाराचं. दुसरं दार आहे हे चांगलंच आहे. पण ज्याचं गाणं हेच संशोधन आहे, जो गाऊन एखादा दावा तपासतो, त्याने कुठल्या दारातून जायचं? प्रमोशनच्या वेळी पेपर मोजायचे तेव्हा त्याची मैफल नुसती 'कार्यक्रम' ठरते. अशोक दा. रानडे आठवा. ते पण १९३७ चेच, हा योगायोग. मुंबई विद्यापीठाचं संगीत केंद्र उभं करणारा माणूस, स्वतः गायक, आवाज कसा लावायचा यावर आयुष्यभर काम, आणि बैठकीच्या लावणीवरचं संशोधन स्टेजवर गायक उभे करून मांडणारा. लोकांनी ते कार्यक्रम म्हणून ऐकले, टाळ्या वाजवल्या. किती जणांनी त्याकडे शोधनिबंध म्हणून बघितलं?

आणि ज्या युरोपियन गाण्याबद्दल मी बोलतेय ते आपल्यापासून फार लांबचं आहे असंही नाही. गोव्यात पोर्तुगीज काळात चर्चच्या शाळांतून गावोगावच्या मेस्तांनी (संगीताच्या मास्तरांनी) पोरांना सोल्फा, म्हणजे तिकडचं सारेगम, आणि व्हायोलिन शिकवलं, आणि त्याच पोरांची पोरं पुढे मुंबईच्या सिनेमाच्या ऑर्केस्ट्रात बसली. गोवा विद्यापीठात त्यांच्यातल्याच एका मजोर्डेच्या व्हायोलिनवाल्याच्या, अँथनी गोन्साल्विसच्या नावाने पाश्चात्य संगीताचं अध्यासन आहे (हो, गाण्यातलं तेच नाव, माणूस खरा होता). त्या अध्यासनावर अर्जेंटिनाचे सांतियागो लुसार्दी जिरेली आले, त्यांनी विद्यापीठाचा क्वायर बांधला, जुन्या गोव्यात केतेवन नावाचा संगीतमहोत्सव उभा राहिला. भारतात हे होऊ शकतं याचा हा धडधडीत पुरावा. फक्त ती योजना पाहुण्या प्राध्यापकांची आहे, आणि क्वायर पाहुणा चालवू शकत नाही, तो दर आठवड्याला कुणीतरी चालवावा लागतो, पावसात, परीक्षेच्या दिवसात, टेनर आजारी असताना. तिथे कायमची जागा हवी, तिच्यासोबत दहा-बारा गायकांना थोडं का होईना मानधन हवं, आणि त्या जागेवरच्या माणसाला वर्षातून दोन पेपरांऐवजी दोन गाऊन तपासलेले दावे दाखवायची मुभा हवी, फसलेले सुद्धा.

एक शेवटचं, जे पैशाच्या हिशोबात कुणी धरत नाही. इंग्लंडच्या कॅथेड्रलांमध्ये शतकानुशतकं फक्त मुलगे आणि पुरुष गायचे, मुलींच्या स्वतंत्र क्वायरला खरी सुरुवात झाली ती सॉल्सबरीला, १९९१ साली. वुल्स्टनना काही स्त्रीमुक्ती करायची नव्हती, त्यांना फक्त त्यांच्या पट्टीला पुरेल असा आवाज हवा होता. पण त्या हट्टापायी तरुण बाया या संगीतात आल्या, व्यावसायिक गायिका झाल्या, संपादक झाल्या, आणि आज त्यांच्याशिवाय या गाण्याची कल्पनाच करता येत नाही. सिद्धांत डळमळला तरी त्या राहिल्या.

हे सगळं आईला सांगितलं तर तिने पेटी ओढून घेतली, नेहमीची काळी चार सोडून तीन पट्ट्या वर, पांढरी सातला अभंग धरला. धृपद झालं. अंतऱ्याला आवाज चिरकला, तशी हसत सुटली. म्हटलं आता दीड वर लावून बघ, हल्लीचे लोक दीड म्हणतात. म्हणाली, "पेटीत दीड नसतं बाई, एक घे नाहीतर दोन."